काजूची बी, मलावीचा हापूस आणि डॅनी रॉड्रिक

अर्थतज्ज्ञ डॅनी रॉड्रिकच्या वडिलांचा तुर्कस्तानात बॉलपेन बनवायचा धंदा होता. तेव्हा तिकडे बाहेरच्या मालावर दणकून आयात शुल्क असायचं, त्यामुळे परदेशी पेन महाग पडायचं आणि देशी पेन खपायचं, आणि त्याच कमाईतून पोरगा पुढे हार्वर्डला शिकायला गेला. म्हणजे बघा, ज्या शुल्काच्या जिवावर हा माणूस अमेरिकेला पोचला त्याच शुल्काने देशाचं कसं नुकसान होतं हे तिथे पहिल्याच वर्षी फळ्यावर आकृती काढून शिकवतात. हे तो स्वतः मोकळेपणाने सांगतो. मला वाटतं म्हणूनच त्याचं लिखाण बाकीच्यांपेक्षा वेगळं लागतं, दोन्हीकडचं मीठ खाल्लेला माणूस आहे.

मी काही अर्थशास्त्राची प्राध्यापक वगैरे नाही हां. कुडाळात बसून जीएसटीची रिटर्न भरते, लोकांचे हिशेब बघते, आणि आमच्याकडे हिशेब म्हणजे निम्मेअधिक काजूचेच. एका खुर्चीत बागायतदार बसतो, दुसऱ्या खुर्चीत कारखानदार, आणि दोघं एकमेकांना चांगले ओळखत असतात, गावच्या जत्रेला एकाच पंगतीला असतात, पण आयातीचा विषय निघाला की तोंडं दोन दिशेला. बागायतदार म्हणतो आफ्रिकेची बी बंद करा, आमच्या बीला भाव आपोआप चढेल. कारखानदार म्हणतो बी येऊ दे हो, बी नाही आली तर मशीनं काय माझ्या डोक्यावर चालवू, पण व्हिएतनामचा तयार काजूगर तेवढा बंद करा. दोघंही मला म्हणतात, मॅडम तुम्हीच सांगा कोणाचं बरोबर. मी म्हणते आधी बिलं काढा.

तर या रॉड्रिकची 1997 आणि 2011 ची दोन पुस्तकं मी पावसाळ्यात लाईट असेल तशी वाचली. दोन्ही जागतिकीकरणावरच आहेत. पण त्याच्याकडे वळायच्या आधी एक आपल्या घरचं सांगते, कारण हा विषय निघाला की लोकांना वाटतं हे सगळं 1991 नंतर दिल्लीतून आलेलं लचांड आहे.

1671 मध्ये शिवाजी महाराजांनी कुडाळच्या सरसुभेदाराला, नरहरी आनंदरावाला, एक पत्र पाठवलंय. विषय मीठ. पोर्तुगीजांच्या ताब्यातल्या, गोव्याकडच्या बारदेशातलं मीठ स्वस्त पडायचं, त्यामुळे व्यापारी तिकडेच वळायला लागले आणि आपल्याकडचं संगमेश्वराच्या बाजूचं मीठ पडून राहायला लागलं. तर महाराज सांगतात की बारदेशच्या मिठावर अशी जबर जकात बसवा की ते संगमेश्वरापेक्षा महाग पडलं पाहिजे, नाहीतर सगळा व्यापार तिकडे जाईल आणि आपली बंदरं बसतील. हे कुडाळला लिहिलेलं पत्र आहे, माझ्या ऑफिसच्या गावाला! इथे आयात शुल्काचा निर्णय साडेतीनशे वर्षांपूर्वी झालाय आणि कारणासकट झालाय. आणि कारण बघा, नुसतं तिजोरीत पैसे यावेत एवढं नाहीये, आपल्या मिठागरवाल्याचा आणि आपल्या बंदराचा धंदा टिकावा हे आहे. अर्थात घाटावरच्या माणसाला त्या जकातीमुळे मीठ महागच पडलं असणार. त्याने पत्र लिहिलं असतं तर काय लिहिलं असतं कोण जाणे.

रिकार्डो हा जुना इंग्रज अर्थतज्ज्ञ त्या घाटावरच्या माणसाच्या बाजूचा. 1817 सालचं त्याचं ते इंग्लंड-पोर्तुगालचं उदाहरण बारावी कॉमर्सलाच कानावर पडतं. इंग्लंडमध्ये ठरावीक कापडाला वर्षभर 100 माणसं लागतात आणि वाइनला 120, पोर्तुगालमध्ये कापडाला 90 आणि वाइनला 80. म्हणजे पोर्तुगाल दोन्हीत पुढे. तरीही पोर्तुगालने वाइनच बनवावी, इंग्लंडने कापडच विणावं आणि अदलाबदल करावी, दोघांनाही जास्त मिळतं. गणित अगदी बरोबर आहे, दोनशे वर्षांत कोणाला खोडता आलेलं नाही, रॉड्रिकलाही नाही आणि त्याला खोडायचंही नाहीये. फक्त त्यात पोर्तुगालमधला जो विणकर आहे त्याने कापड सोडून द्राक्षाच्या मळ्यात जायचं असतं. कधी जायचं, कसं जायचं, मळा त्याच्या गावापासून किती लांब आहे, त्याला मळ्यातलं काम येतं का, तोवर घरात काय शिजवायचं, यातलं काहीच त्या चार आकड्यांत नाही.

रॉड्रिक इथेच बोट ठेवतो. त्याची एक गोष्ट मला फार आवडली. वर्गात तो दोन पोरांना पुढे बोलावतो आणि सांगतो की मी आता जादू करणार, याच्या खात्यातले 200 डॉलर गायब आणि त्याच्या खात्यात 300 जमा. एकूण 100 डॉलरचा फायदा. करू का? तर वर्गातली बहुतेक पोरं गप्प बसतात किंवा नको म्हणतात. आधी हे विचारतात की असं का, याचे का घेतले, त्याने काय केलं म्हणून त्याला मिळाले. आणि मग तो म्हणतो, अरे मग मुक्त व्यापार म्हणजे वेगळं काय असतं! एकूण बेरीज वाढते हे खरं, पण एकाचं जातं आणि दुसऱ्याला मिळतं हेही तेवढंच खरं, आणि दुसऱ्या वाक्यावर अर्थशास्त्री लोक पटकन पान उलटतात.

पुढे तो हेही म्हणतो की नुकसान कसं झालं याने लोकांना फरक पडतो. शेजारच्याने जास्त मेहनत केली, चांगलं मशीन आणलं आणि मी मागे पडले तर मी चरफडेन पण मुकाट बसेन. पण शेजारच्याने काम अशा ठिकाणाहून करून आणलं की जिथे माणसं बारा तास कोंडून राबवतात, आणि त्यामुळे माझं दुकान बसलं, तर मग मी म्हणणार ना की हा खेळच खोटा आहे. हे वाचताना मला आपले कारखानदार आठवले. व्हिएतनामने जोर लावून माल काढला आणि 2006 च्या सुमारास काजूगराच्या निर्यातीत भारताला मागे टाकलं, काजू फोडायची ऑटोमॅटिक मशीनंही आणली. यात त्यांनी कोणाची चोरी केली नाही. तरी आमच्याकडे चहाच्या टपरीवर व्हिएतनाम म्हटलं की शिवीच निघते.

आता रॉड्रिकचा आकडा, जो मी दोनदा वाचला कारण पहिल्यांदा विश्वास बसेना. अमेरिकेसारख्या देशात, जिथे त्याने 2011 ला लिहिलं तेव्हा सरासरी आयात शुल्क 5 टक्क्यांच्या खाली आलेलं होतं, तिथे ते पूर्ण शून्यावर नेलं तर देशाच्या निव्वळ फायद्याच्या एका डॉलरमागे 50 हून जास्त डॉलर एकाच्या खिशातून दुसऱ्याच्या खिशात जातात. एक मिळवायला पन्नास इकडचे तिकडे! कारण असं आहे की शुल्क खूप जास्त असतं तेव्हा पहिल्या कपातीला फायदा मोठा होतो, कारण तेव्हा खरंच मूर्खासारखी उधळपट्टी चाललेली असते, पण जसजसं शुल्क खाली येतं तसतसा फायद्याचा वाटा आटत जातो आणि खिसे बदलायचं काम मात्र तसंच चालू राहतं. म्हणजे 1991 च्या आधी आपल्याकडे जे शंभर-शंभर टक्क्यांच्या वरचं शुल्क होतं ते उतरवणं आणि आता उरलेसुरले टक्के उतरवणं या एकाच नावाच्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हे मला कोणी कॉलेजात सांगितलं नव्हतं. तिकडे नुसतं उदारीकरण चांगलं, दहा मार्क.

काजूचं शुल्क बघा म्हणजे खिसे कळतील. 2018 च्या बजेटमध्ये काजू बीवरचं आयात शुल्क 5 वरून 2.5 टक्के केलं. कारखानदार खूश, बागायतदार नाराज. 2019 ला तयार काजूगरावरचं शुल्क 45 वरून 70 टक्क्यांवर नेलं, शिवाय त्याच वर्षी किमान आयात किंमत लावली, अख्ख्या गराला किलोला 720 रुपये आणि तुकड्याला 680, त्याच्या खालच्या भावाने आणायचाच नाही. पुन्हा कारखानदार खूश. म्हणजे बी पिकवणाऱ्याला अडीच टक्क्यांची छत्री आणि गर काढणाऱ्याला सत्तर टक्क्यांची. बागायतदार हे मला दर मार्च महिन्यात ऐकवतात, जसं काही मीच सही केली आहे. त्यांचं म्हणणं चुकीचं नाहीये. पण कारखानदार बोलतो तेही खोटं नाही की देशात पिकते त्या बीवर देशातले कारखाने वर्षभर चालूच शकत नाहीत, म्हणून बेनिन, आयव्हरी कोस्ट, गिनी बिसाऊ, टांझानिया करत फिरावं लागतं.

आणि आता बेनिन काय म्हणतंय? त्यांनी 2024 च्या एप्रिलपासून कच्ची बी बाहेर पाठवणं बंद केलं, आमची बी आमच्याकडेच फुटली पाहिजे, काम आमच्या माणसांना मिळालं पाहिजे. संगमेश्वरच्या मिठाचं पत्र बेनिनला पोचलं म्हणायचं. आमच्याकडे एका कारखानदाराने ही बातमी मला मोबाईलवर दाखवली आणि म्हणाला बघा मॅडम किती स्वार्थी लोक आहेत. मी काही बोलले नाही, चहा मागवला.

या बाबतीत कोकण एकदम दुटप्पी आहे आणि मी त्यात माझ्या माहेरच्यांना पण धरते, त्यांची देवगडला कलमं आहेत. 2014 मध्ये युरोपियन युनियनने फळमाशी सापडली म्हणून 1 मेपासून आपला हापूस बंद केला, त्याबरोबर वांगी, कारली, पडवळ आणि अळूपण. ऐन हंगामात. तेव्हा घराघरात चर्चा की हा अन्याय आहे, व्यापार मोकळा पाहिजे, गोऱ्यांना आपला आंबा बघवत नाही. पुढे जानेवारी 2015 ला बंदी उठली. अमेरिकेने तर अठराएक वर्षं आपला आंबा घेतला नव्हता, 2007 मध्ये विकिरण करून घ्यायच्या अटीवर परत दार उघडलं. आणि याच घरात आता नोव्हेंबरमध्ये वाशीला मलावीचा हापूस येतो तेव्हा म्हणतात, हा काय प्रकार, बंद करा, सरकार झोपलंय काय. त्या आफ्रिकेतल्या बागा मुळात आपल्याच कोकणातून नेलेल्या कलमांच्या आहेत. आणि तो येतो तेव्हा आपल्या झाडांना धड मोहरही आलेला नसतो, आपल्या आंब्याशी त्याची थेट टक्कर नाहीच. नावाबद्दलचं म्हणणं मला पटतं, हापूसला 2018 मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालंय तर पेटीवर कुठला आंबा ते स्वच्छ लिहा. पण आंबाच येऊ देऊ नका म्हणजे जरा अतिच. आणि काजूवरून आफ्रिकेला नावं ठेवणाऱ्यांनी हेही आठवावं की काजूचं झाड स्वतःच ब्राझीलचं, पोर्तुगीजांनी आणलेलं. आपल्या देवाच्या नैवेद्यात बसलंय आता.

अर्थतज्ज्ञ जगदीश भगवती या बाबतीत रॉड्रिकच्या समोरच्या बाकावरचे. जन्म मुंबईचा, 1934 चा, आयुष्यभर मुक्त व्यापाराची बाजू लढवत आले. त्यांचं 2004 चं पुस्तक वाचताना राग येतो आणि पटतंही. त्यांनी दिलेलं व्हिएतनामचंच एक उदाहरण आहे, 1990 च्या दशकात तिथे तांदूळ बाहेर विकायला मोकळीक दिली, भाताचा भाव चढला. आता सगळे म्हणतील की भाव चढला म्हणजे पोरांनाही शेतात जुंपणार. झालं उलटं, शेतकऱ्याच्या हातात पैसा आला आणि त्याने पोरांना कामावरून काढलं, बालमजुरी कमी झाली. त्यामुळे व्यापार म्हणजे गरिबाचा गळा असं सरसकट म्हणणाऱ्यांची पण मला चीड येते. आपल्याकडे रत्नागिरीला राणी माशाची सुरिमी, म्हणजे मांसाचा लगदा, करून बाहेर पाठवायला लागले, कोळंबी-म्हाकूल बाहेर जायला लागलं, तेव्हा कित्येक घरांवर स्लॅब पडला. त्याच पैशामागे मोठ्या बोटी आल्या, पर्ससीनची मोठी जाळी आली, किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्या रापणकारांच्या जाळ्यात येणारा मासा आटला आणि भांडणं पोलिसांपर्यंत गेली हेही खरं. एकाच समुद्रातलं आहे दोन्ही. आणि 2025 च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेने आपल्या मालावर 50 टक्के शुल्क लावलं तेव्हा कोळंबीवाल्यांची जी धांदल उडाली त्यावरून दार एकदा उघडलं की समोरच्याला ते बंद करायचीही ताकद मिळते हे कळलं.

मला जे सगळ्यात जास्त लागलं ते मात्र रॉड्रिकचं नाही, पेटिया टोपालोव्हा म्हणून एका अर्थतज्ज्ञ बाईंचं काम आहे आणि ते आपल्याच देशावर आहे. 1990 ला आपलं सरासरी आयात शुल्क 80 टक्क्यांच्या वर होतं, 1996 पर्यंत 37 वर आलं. त्यांनी जिल्हा-जिल्हा काढला, कुठल्या जिल्ह्यातले लोक कशावर जगतात आणि त्या त्या गोष्टीवरचं शुल्क किती उतरलं. निघालं असं की देशभर गरिबी कमी झाली, पण ज्या ग्रामीण जिल्ह्यांच्या धंद्यांवरचं शुल्क जास्त उतरलं तिथे ती कमी व्हायचा वेग मागे पडला. आणि तिथली माणसं काम सोडून दुसऱ्या जिल्ह्यात गेलीयेत असंही फारसं दिसलं नाही. जिथे होती तिथेच कमी पैशात राहिली. अमेरिकेत चिनी मालाचा फटका बसलेल्या गावांचा डेव्हिड ऑटर या अर्थतज्ज्ञाने आणि मंडळींनी 2013 मध्ये अभ्यास केला तिथेही साधारण हेच, कारखाना गेला, माणूस हलला नाही.

हे वाचून कोकणी माणूस हसेल. आम्ही तर पिढ्यानपिढ्या हलतोच आहोत! 1911 च्या जनगणनेत मुंबईच्या गिरण्यांत जे कामगार होते त्यातले जवळपास निम्मे एकट्या तेव्हाच्या रत्नागिरी जिल्ह्यात जन्मलेले होते, आणि तेव्हा सिंधुदुर्ग वेगळा नव्हता, म्हणजे आम्ही सगळे त्यातच. रिकार्डोला हवा असलेला कामगार म्हणजे आमचा चाकरमानीच की, भात सोडून कापडावर गेला. मनीऑर्डर आली, घर उभं राहिलं. मग 18 जानेवारी 1982 चा संप झाला आणि गिरण्या बसल्या. त्या काही परदेशी कापडामुळे बसल्या नाहीत, त्यात यंत्रमाग होते, मालकांनी मशीनरीवर पैसा न घालणं होतं, जमिनीचा भाव होता, म्हणून हे मुक्त व्यापाराच्या माथी मारायला मी तयार नाही. पण माणूस एका धंद्यातून दुसऱ्या धंद्यात जातो म्हणजे नक्की काय होतं ते बघायचं असेल तर त्या घरांत बघावं. माझे चुलत आजोबा गिरणीतून परत आले ते पुढे कशातच गेले नाहीत. बसून राहिले. गिरणी कामगारांच्या घरांची पहिली सोडत निघाली 2012 ला, 6,925 घरं. संपाला तीस वर्षं झाल्यावर. अर्थशास्त्रात याला समायोजनाचा काळ म्हणतात आणि तो कितीचा असतो हे आकृतीवर लिहिलेलं नसतं.

रॉड्रिकचा 1998 चा एक लेख आहे, त्यात तो दाखवतो की जे देश व्यापाराला जास्त मोकळे आहेत त्यांची सरकारंसुद्धा मोठी असतात, जास्त खर्च करणारी. आपल्याला उलटं वाटतं ना, मुक्त बाजार म्हणजे सरकार बारीक. पण ज्या घरात वारा जास्त तिथे कौलं घट्ट बसवावी लागतात तसं आहे ते. बाहेरचे धक्के येणार तर विमा कोणीतरी भरला पाहिजे. अमेरिकेने 1962 ला केनेडीच्या वेळी आयातीमुळे काम गेलेल्यांसाठी वेगळी मदत योजना काढली होती, ती पुरेशी नव्हती तो भाग वेगळा. आपण दार उघडलं आणि कौलांचं नंतर बघू म्हटलं.

तर आता कटिंगवाली बाई. आतापर्यंत बागायतदार आणि कारखानदार एवढेच बोलले, तुमच्या लक्षात आलं असेल.

छोट्या कारखान्यातलं कटिंग कोणी पाहिलं नसेल तर सांगते. बी आधी बॉयलरमध्ये वाफवून गार करतात. टेबलाला मशीन बसवलेलं असतं, दोन पाती, एक पायाचं पॅडल, एक हाताचा दांडा. बाई एक बी उचलून पात्यात धरते, पाय दाबते, दांडा ओढते, टरफल उकलतं, आतला गर टोकाने काढायचा, अख्खा निघाला तर भाव, तुकडा झाला तर कमी. टरफलातलं तेल कातडी भाजतं, म्हणून आधी हाताला दुसरं तेल चोपडून घेतात, तरी बोटं काळी ती काळीच, सणासुदीला पण. मजुरी रोजाने नसते, किलोवर असते, गर किती किलो निघाला त्यावर. मी ज्यांचे हिशेब करते त्यातल्या एका ठिकाणी कटिंगचं रजिस्टर तपासत होते आणि मला कळेना की पावसाळ्यात सगळ्या बायकांची मजुरी एकदम कशी खाली येते, तेवढेच दिवस भरलेत, तेवढ्याच बायका आहेत. मालकाला विचारलं तर म्हणाला पावसात कामाला उरक नसतो. मग टेबलावरच्या एका काकींना विचारलं. त्या हात न थांबवता म्हणाल्या, "गो बाये, ही भायरची बी बारीक आसा. आमची वेंगुर्ल्याची बी कशी दांडगी. ह्या फोडून फोडून हात मोडतत, पण किलो काय भरणा नाय."

झटकन डोक्यात प्रकाश पडला. वेंगुर्ला-7 या आपल्याकडच्या जातीची बी साधारण दहा ग्रॅमची, किलोला शंभरच्या आसपास भरते. आफ्रिकेची बी किलोला 180 ते 200 नग. म्हणजे तेवढाच गर काढायला जवळपास दुप्पट वेळा पाय दाबायचा, दुप्पट वेळा दांडा ओढायचा, दुप्पट वेळा हाताला तेल लागायचं, आणि दर तोच. मालकाला आयात बी स्वस्त पडते याचं एक कारण त्या बिलातच नाहीये, ते या बाईच्या खांद्यात आहे. बिल मीच नोंदवते, मला त्यात कधी दिसलं नसतं.

मग मी त्यांना विचारलं की बाहेरची बी बंद झाली तर बरं होईल का. तर त्या म्हणाल्या, "बंद कित्या करतंस? ही बी नाय इली तर पावसात आमका घराकडेच बसूचा लागता."

म्हणजे तिला आयात हवीही आहे. बागायतदारासारखी बंदी नको, कारखानदारासारखी स्वस्त बीपण नुसती नको. तिचं म्हणणं तिसरंच आहे आणि ते अडीच टक्क्यांत नाही, सत्तर टक्क्यांत नाही, 720 रुपयांच्या किमान किमतीत नाही. दिल्लीत काजूचं शुल्क ठरतं तेव्हा निर्यातदारांचं निवेदन जातं, बागायतदार संघाचं निवेदन जातं, आमदार-खासदार दोन्हीकडे फोटो काढतात. ही कुठल्याच निवेदनात नाही. रॉड्रिक जेव्हा म्हणतो की व्यापाराचे नियम कोणी लिहिले ते बघा, तेव्हा तो औषध कंपन्या आणि बँकांबद्दल बोलत असतो, पण मला त्या टेबलाचं चित्र दिसतं.

नुकसानभरपाई मिळते तीपण कशी बघा. भाव पडले म्हणून राज्य सरकारने 2024 च्या हंगामासाठी काजू बीला किलोमागे 10 रुपये अनुदान दिलं, शेतकऱ्याला जास्तीत जास्त 2,000 किलोपर्यंत. चांगली गोष्ट, माझ्या माहेरीपण अर्ज केला. त्याला सातबारा लागतो, काजूची नोंद लागते, विक्रीची पावती लागते. कटिंगवाल्या बाईकडे यातलं काय आहे? सातबारा असलाच तर सासऱ्याच्या नावावर आणि त्यावर चौदा सहहिस्सेदार. केरळात काजू कामगारांसाठी वेगळं कल्याण निधी मंडळ आहे. तिकडचे कारखाने कमी बंद पडले नाहीत, तिकडच्या मालकांची मजुरीबद्दल तक्रार असतेच, तरी कामगार म्हणून निदान नाव कुठेतरी लिहिलेलं आहे. इथे माझ्या रजिस्टरात नुसतं पहिलं नाव आणि किलो.

शुल्क वाढवा की उतरवा यावर माझं मत विचाराल तर बीवरचं थोडं वाढवावं आणि गरावरचं थोडं उतरवावं, दोन छत्र्यांत एवढा फरक कशाला. पण त्याने काकींचा प्रश्न सुटत नाही. त्यांच्यासाठी बीच्या आकाराप्रमाणे कटिंगचा दर ठेवायचा, बारीक बीला किलोमागे जास्त, एवढं केलं तरी आत्ता पुरे आहे, आणि त्याला ना दिल्ली लागते ना डब्ल्यूटीओ. किती वाढवायचा ते कटिंग रजिस्टर आणि बीचे नग यावरून एका दुपारी निघतं, मी काढून ठेवलंय. आयातीत जो पैसा वाचतो त्यातला थोडाच भाग त्यात जातो, कारखाना काही बुडत नाही. दोन क्लायंटशी बोलून बघितलं. एकाने लगेच ई-वे बिलाचा विषय काढला, दुसरा म्हणाला गणपती होऊन जाऊ देत, मग बसू.